जोडपुनव

आमच्या घराच्या एकाच जिन्यावर दोन वेगवेगळे महिने नांदतात, हे माझ्या मुलीच्या लक्षात आलं तेव्हा ती नऊ वर्षांची होती. रायपूरच्या पुरानी बस्तीत आम्ही वरच्या मजल्यावर भाड्यानं राहत होतो. खाली घरमालकीण राहायची, अस्सल छत्तीसगढी बाई. तिला मी दीदी म्हणायची. पावसाळ्यातल्या एका सोमवारी सकाळी दीदी बेलाची पानं घेऊन महादेवाला निघाली. सावनचा पहिला सोमवार म्हणून तिनं उपास धरला होता. मुलगी धाडधाड जिना चढून वर आली आणि मला पोहे परतताना बघून दारातच थबकली. आमच्याकडे उपासाचा मागमूस नव्हता.

"मम्मी, नीचे सावन लग गया. हमारा लेट क्यों है?"

इकडची मराठी पोरं अशीच. आपण मराठीत विचारावं आणि त्यांनी हिंदीत उत्तर द्यावं. फार गंभीर काही बोलायचं असलं की मात्र माझी पोरगी मराठीत यायची. मी ऑफिसच्या घाईत होते. आपला पंधरा दिवसांनी लागतो, जा आंघोळ कर, असं म्हणून मी तिला वाटेला लावलं. पण ती वाटेला लागणाऱ्यांतली नव्हती.

संध्याकाळी ताटात पोळीचे तुकडे गोल मांडून मी तिला समजावलं. दीदीकडचे लोक पुनवेला महिना मिटवतात आणि दुसऱ्या दिवशी नवा काढतात. आपण अवसेला मिटवतो. म्हणून उजेडाच्या पंधरवड्यात दोघींच्या महिन्याचं नाव एक, आणि अंधाराच्या पंधरवड्यात दीदी आपल्यापुढे एक महिना. हरेलीच्या सणाला दीदी दाराला निंबाची डहाळी खोचते, तो दिवस तिच्या सावनात पडतो. त्याच दिवशी मी दिवे घासून पुजते तेव्हा माझा आषाढ संपत असतो. पोळा तर दोघींचा एकच, बैल तेच, पण माझ्या लेखी तो श्रावणात आणि तिच्या लेखी भादोत.

मग बरोबर कोण, तिनं विचारलं. मी म्हटलं, दोघी. मग भांडण होत नाही का? नाही होत. यावर ती ताटातले पोळीचे तुकडे पुन्हा पुन्हा गोल मांडत बसली. या गावात एवढी वर्षं काढून मला त्याचं कधी नवल वाटलं नव्हतं. त्या संध्याकाळी तिच्या तोंडाकडे बघून वाटलं. चंद्र एक, जिना एक, आणि वर आषाढ, खाली सावन. मी तिला झोपायला पाठवलं आणि उगाच गच्चीवर जाऊन आभाळाकडे बघून आले. ढगच होते.

तिचे बाबा तेव्हा घरी नव्हते. त्याच उन्हाळ्यात बढती मिळून त्यांना भोपाळच्या मुख्यालयात जावं लागलं होतं. दोन वर्षांत परत रायपूरला आणतो, असं त्यांच्या साहेबानं सांगितलं होतं. ते दर तिसऱ्या शनिवारी यायचे आणि रविवारच्या गाडीनं जायचे. मग नोव्हेंबरात नवं राज्य झालं. फटाके फुटले, आमचं रायपूर राजधानी झालं, दीदीनं गल्लीत बुंदी वाटली. एका जुन्या दवाखान्याच्या इमारतीत सचिव बसू लागले. शंकर नगरातल्या माझ्या ऑफिसच्या पाटीवरचं मध्यप्रदेश रंगवून पुसलं, आणि छापील कागद संपेपर्यंत आम्ही कारकून मंडळी प्रत्येक कागदावरचं जुनं नाव पेनानं खोडून वर छत्तीसगढ लिहीत बसलो. मला मोठी गंमत वाटत होती. घरी येऊन चहा टाकला तेव्हा डोक्यात प्रकाश पडला की नवरा होता त्याच खुर्चीवर बसलाय, पण आता तो दुसऱ्या राज्यात आहे.

कर्मचाऱ्यांची वाटणी व्हायची होती. कोण इकडे, कोण तिकडे, याची यादी निघणार होती, आणि यांचं नाव आमच्या बाजूला यावं म्हणून अर्जावर अर्ज चालले होते. आलं तर तिघं एका घरात. नाही आलं तर नोकरी संपेपर्यंत दर तिसरा शनिवार. मी तेव्हा हट्टाला पेटले होते. भोपाळात मी पाऊल ठेवणार नाही, असं यांना स्वच्छ सांगून टाकलं होतं. मी तिकडे जाऊन चार भांडी लावून दिली की यांचं बस्तान बसेल आणि अर्जांचा जोर ओसरेल, असं माझं गणित. यांना ते पटत नव्हतं, पण माझ्याशी वाद घालायची त्यांची टाप नव्हती.

एवढं मोठं राज्य नुसत्या कागदावर तयार होतं, हे बघून मुलीला चेव आला असावा. त्या हिवाळ्यात तिनं एक अख्खं जग तयार केलं. ऑफिसातून रद्दी म्हणून आणलेले जुन्या राज्याचे कागद तिनं पाठकोरे शिवून वही केली आणि त्यात ते जग लिहू लागली. त्याला नाव ठेव म्हटलं तर नको म्हणाली. नाव ठेवलं की राजधानी ठरवावी लागते, आणि राजधानी ठरली की यादी काढावी लागते.

त्या जगाला दोन चंद्र होते. थोरला एकवीस दिवसांत फिरून यायचा आणि धाकटा दहा दिवसांत. तिथं वार नव्हते, रविवारसुद्धा नव्हता. कोणता दिवस हे सांगायला दोन्ही चंद्र सांगावे लागायचे: थोरल्याची पाचवी, धाकट्याची अवस. थोरल्याच्या पुनवेला गावच्या तळ्याचं पाणी तिसऱ्या पायरीपर्यंत चढायचं, म्हणून त्या दिवशी कपडे वरच्या पायरीवर धुवायचे. एक पीक असं होतं की ते फक्त धाकट्याच्या उजेडात फुलायचं. धाकट्याच्या पुनवेला बायका एकमेकींच्या केसांना तेल लावून गाणी म्हणायच्या. आणि धाकट्याच्या अवसेला गावात भांडी हळू ठेवायची, कोणी कोणाला काही मागायचं नाही, असा रिवाज होता. हा रिवाज मला फार आवडला होता. आपल्याकडेही असायला हवा, असं मी तिला म्हटल्याचं आठवतं. ती माझ्याकडे बघत राहिली आणि मग वहीत तोंड खुपसून बसली.

गावात दोन तऱ्हेचे लोक होते, उजेडाचे आणि अंधाराचे. उजेडाचे पुनवेला महिना मिटवायचे, अंधाराचे अवसेला. हे आमच्या जिन्यावरून आलेलं होतं, ते उघडच होतं. पण या दोघांची वर्षं एकाच दिवशी सुरू व्हायची. दोन्ही चंद्र एकत्र पूर्ण होतात त्या दिवशी. त्याला ती जोडपुनव म्हणायची. हा शब्द तिनं कुठून आणला, देव जाणे. जोडपुनव दोनशे दहा दिवसांनी एकदा यायची. दोनशे दहा कसे, विचारलं, तर तिनं माझ्याकडे कीव करून पाहिलं. दस और इक्कीस का लघुत्तम, म्हणाली. लसावि मीही शिकले होते. पास होण्यापलीकडे त्याचा काही उपयोग असतो हे मला कोणी सांगितलं नव्हतं.

एका संध्याकाळी लाइट गेले. मी मेणबत्ती लावली, तर ती म्हणाली दोन लाव. दोन्ही खोलीच्या दोन कोपऱ्यांत ठेवून तिनं मला मध्ये उभं केलं. माझ्या दोन सावल्या पडल्या, एक दारावर, एक कपाटावर. तिथं रोज अशाच दोन पडतात, ती म्हणाली. मग तिनं दोन्ही मेणबत्त्या एकाच बाजूला, एक जवळ आणि एक लांब, पण एका रेषेत ठेवल्या. सावली एकच झाली. जोडपुनवेला दोघंही सूर्याच्या समोरच्या बाजूला येतात, म्हणून त्या एका दिवशी माणसाची सावली एकच पडते, असं तिचं म्हणणं. मी नाही म्हणायला तोंड उघडलं आणि मिटलं. चंद्र पूर्ण दिसायचा तर तो सूर्याच्या समोरच असायला हवा, आणि दोघंही पूर्ण असतील तर दोघंही एकाच बाजूला. तिनं हे कुठे वाचलं नव्हतं. हिशेब लिहिता लिहिता ते आपोआप निघालं होतं. खोटं जग होतं, पण त्यात खोटं काही चालत नव्हतं. लाइट आले तरी मी तिथंच उभी होते.

पहिली जोडपुनव तिनं संक्रांतीच्या रविवारी धरली. तो हे घरी असण्याचा रविवार होता. थोरल्याचे एकवीस दिवस म्हणजे बाबांचे तीन आठवडे, एवढं कळायची अक्कल मला होती. धाकट्याचे दहा कुठून आले ते विचारलं, तर म्हणाली, ऐसे ही. पुढची जोडपुनव ऑगस्टात येत होती, आमच्या श्रावणात, तिच्या वाढदिवसाच्या तिथीपासून तिसऱ्या दिवशी. वहीत त्या पानावर तिनं लाल पेनानं नियम लिहिला होता: जोडपुनवेला सगळे एका घरी.

ते वाचलं आणि मी वही मिटून ठेवली. यादीचा पत्ता नव्हता. अर्ज कोणत्या टेबलावर पडलेत तेही कळत नव्हतं. पोरीनं आपलं सगळं आभाळ एका दिवसावर टेकवून ठेवलं होतं, आणि त्या दिवशी बाप कायमचा घरी आला नाही तर तिचं काय होईल, ही एकच काळजी मला लागून राहिली. वरवर मी तिला नियम बदलायला सुचवून पाहिलं. नियम चंद्रांचा आहे, माझा नाही, असं उत्तर मिळालं.

यांच्या घराण्यात मुलांना तिथीनं ओवाळतात. शाळेत जूनमधली कुठलीतरी तारीख लिहिलेली, तिला कोणी विचारत नाही. पोरीची तिथी श्रावण वद्य पंचमी. यंदा तिथीला मी रजा काढून नक्की येईन, चांगले पाच दिवस राहीन, असं यांनी तिला कबूल केलं होतं. म्हणजे जोडपुनवही त्यातच. निदान तो दिवस तरी निभेल, म्हणून मी जरा निश्चिंत होते.

आणि जुलैतल्या एका मंगळवारी सकाळी हे दारात उभे. हातात पिशवी, पिशवीत फ्रॉकचा खोका, चेहऱ्यावर आपण वेळ साधल्याचा आनंद. नऊ दिवसांपूर्वीच तर घरून गेले होते. मी विचारलं, काय झालं? ते म्हणाले, वाढदिवस ना. मी कपाळावर हात मारला.

"अहो, कोणाचा वाढदिवस? आपला आषाढ चालून राहिला."

"मी तं कॅलेंडर पाहूनच आलो ना. श्रावण, कृष्ण पक्ष, पंचमी. ठळक अक्षरात लिहिलेलं आहे."

लिहिलेलं होतंच. भोपाळच्या त्यांच्या खोलीत हिंदी कॅलेंडर टांगलेलं. दीदीकडचा सावन आमच्याआधी पंधरा दिवस लागतो आणि त्याचा अंधाराचा पंधरवडा आधी येतो. आमच्या श्रावणात तो शेवटी. म्हणजे हा गृहस्थ बरोबर एक महिना आधी येऊन ठेपला होता. तिथी मागे-पुढे सरकते हे त्यांना माहीत, म्हणून त्यांना शंकासुद्धा आली नाही. पंचमी चार दिवसांवर आली हे बघून त्यांनी हातापाया पडून पाच दिवसांची रजा मिळवली होती. उभा जन्म पुनवेनंतर आपला महिना चालूच राहतो हे बघितलेला माणूस, आणि वर्षभरात भिंतीवरच्या कागदानं त्याला फिरवला.

मुलगी हसून हसून जमिनीवर लोळली. मग उठून म्हणाली, नीचे वालों का तो आज ही है ना. झालं, दीदीला बोलावणं गेलं. हव बेटी, म्हणत दीदी थाळी घेऊन वर आली आणि आमच्या पोरीला खालच्या मजल्याच्या महिन्यानं ओवाळलं. ती त्या दिवशी दीदीच्या हिशेबानं अकरा वर्षांची झाली आणि आमच्या हिशेबानं दहाचीच राहिली. मीसुद्धा बऱ्याच दिवसांनी पोटभर हसले. हे मात्र दोनदा काहीतरी बोलायला म्हणून माझ्याजवळ आले आणि पाणी पिऊन गेले. मला वाटलं, फजितीची लाज.

हसण्याची किंमत पुढे कळली. रजा संपली होती. तिकडे विधानसभेचं अधिवेशन लागलं, कोणालाही गाव सोडायची परवानगी नाही. पुढचा तिसरा शनिवार गेला. त्याच्या पुढचा, म्हणजे जोडपुनवेचा, तोही जाणार, असं यांनी बूथवरून फोन करून सांगितलं. फोन खाली दीदीकडे यायचा. मी जिन्यावर बसून राहिले. वर जाऊन पोरीला काय सांगायचं, ते सुचेना.

शेवटी सांगितलं. ती रडली नाही. तिनं वही काढली, थोरल्याच्या रकान्यात एक फुली मारली, आणि मराठीत म्हणाली,

"थोरला चुकला तं चुकला. तू नको चुकू."

माझा काय संबंध, मी विचारलं. तिनं वही माझ्यापुढे सरकवली. संक्रांतीपासूनचा प्रत्येक दिवस तिथं होता. प्रत्येक दिवसाला दोन गोल, एक मोठा, एक लहान, कमी-जास्त काळे केलेले. मी पानं उलटत गेले. एप्रिलच्या शेवटच्या रविवारी मोठा गोल कोरा होता, म्हणजे पूर्ण, आणि लहान गोल गच्च काळा. तो रविवार मला चांगला आठवत होता. त्या दिवशी यादीवरून मी यांना वाटेल ते बोलले होते आणि हे न जेवता स्टेशनवर गेले होते. मी तिला विचारलं, धाकट्याचे दहा दिवस कुठून आणले ग.

"तुझ्यावरून. कधी नऊ होते, कधी अकरा. मी दहा धरले." ती खाली बघून बोलत होती. "वेणी घालताना तू गाणं म्हणते, ती पुनव. स्वयंपाकघरातला लाइट बंद करून बसते, ती अवस."

आपण दहा दिवसांनी काळवंडतो हे मला स्वतःला माहीत नव्हतं. मला वाटायचं, कधीतरी होतं, माणूस आहे, थकतो. ती अवसेला भांडी हळू ठेवत होती आणि काही मागत नव्हती, आणि मी तो रिवाज छान आहे म्हणून तिचं कौतुक केलं होतं. मला लाज वाटली, आणि लाजेपेक्षा मोठं असं काहीतरी वाटलं, त्याला दिपून जाणं म्हणतात. लोक आभाळाकडे बघून पंचांग करतात. या मुलीनं स्वयंपाकघराच्या दाराकडे आणि जिन्याकडे बघून आभाळ केलं होतं, आणि ते एका दिवसापेक्षा जास्त चुकत नव्हतं. बाबा येतात त्या प्रत्येक खेपेला माझी कला एक-एक दिवसानं सरकत होती. तिच्या जगातलं अर्धं वर्ष सरकत सरकत पाचव्या खेपेला बरोबर अवस, आणि दहाव्या खेपेला पुन्हा पुनव. बाबा कायमचे येतील असं तिनं कुठेच लिहिलं नव्हतं, ते मी माझ्या मनानं वाचलं होतं. बाबा घरात आणि आई खुशीत, असा दिवस दोनशे दहा दिवसांतून एकदा येतो, हे तिनं मोजून काढलं होतं आणि ती त्याची वाट बघत होती.

दुसऱ्या दिवशी मी भोपाळची दोन तिकिटं काढली. जिनं तिकडे पाऊल ठेवायचं नाही म्हणून वर्षभर हट्ट धरला, तीच मी शनिवारच्या गाडीत पोळ्या-भाजी बांधून बसले. दीदीनं तेवढ्यात बेसनाच्या कुरकुरीत ठेठरीचा डबा दिला. पोरीनं वाटेत वही एकदाही उघडली नाही.

रविवारी सकाळी हे दार उघडायला आले ते दात घासताना. आम्हाला बघून तसेच उभे राहिले, ब्रश तोंडात. खोलीत एक खाट, एक शेगडी, दोन ताटल्या. वर्षभर मी ज्या बस्तानाला भीत होते ते एवढंच होतं. मी पदर खोचला आणि चहा टाकला. दिवसभर मुलगी बापाला चिकटून होती. दुपारी मी तिची वेणी घालायला बसले आणि आपोआप गुणगुणायला लागले. लक्षात आल्यावर जरा थांबले, कारण हे मी मुद्दाम करतेय की काय, मलाच कळेना. तिनं मान न वळवता सांगितलं, थांबू नको.

संध्याकाळी आम्ही गच्चीवर गेलो. आभाळ ढगांनी गच्च होतं, आणि आपला खरा चंद्र तर वद्य पक्षातला, उशिरा उगवणारा. तिथं दोन्ही उगवले असतील आता, मुलगी म्हणाली. तेव्हा यांनी सांगितलं. यादी कधीच आली होती. जुलैत ते चुकून आले त्याच्याही आधी. नाव मध्यप्रदेशच्या बाजूला होतं, आणि ते आता बदलणार नव्हतं.

"मी तेव्हाच सांगणार होतो," ते मला म्हणाले. "पण तुम्ही दोघी हसून राहिल्या होत्या. माझ्यानं झालं नाही."

मला राग आला नाही, असं म्हटलं तर ते खोटं होईल. महिनाभर हा माणूस हे पोटात ठेवून फिरत होता, आणि मी तिकडे नवस बोलत होते. तोंडापर्यंत शब्द आले होते. त्याच्याहून मोठं म्हणजे दुःख होतं. तिघांचं एक घर आता होणार नव्हतं, हे त्या गच्चीवर पहिल्यांदा खरं झालं. मी पोरीकडे बघायचं टाळत होते. तिनंच आमच्या दोघांचे हात धरले.

"थोरला आणि धाकटा कधीच एका जागी राहत नाहीत, बाबा," ती म्हणाली. "एक जवळून फिरते, एक लांबून. पण दोघं एकाच दिवशी पूर्ण होऊ शकतात. फक्त तारीख पाठ पाहिजे."

मी रडले, चांगली हमसून रडले. यांनीही डोळे पुसले. अकरा वर्षांच्या मुलीसमोर आम्ही दोघं असे उभे होतो, जणू शाळेत उत्तर न आलेली पोरं. मग ती म्हणाली भूक लागली, आणि आम्ही खाली जाऊन खिचडी टाकली.

त्यानंतर आम्ही अकरा वर्षं दोन शहरांत राहिलो. एक खेप त्यांची, एक आमची. माझ्या अवसा काही थांबल्या नाहीत, पण मला त्या आधी दिसायला लागल्या, आणि दिवा बंद करून बसायच्या आधी मी घरात सांगून टाकायची. जोडपुनव एकही चुकली नाही. दोनशे दहा दिवस म्हणजे नेमके तीस आठवडे, म्हणून ती कायम रविवारीच पडते, हे पोरीनं मला नंतर दाखवलं, आणि तेव्हाही मी तोंड उघडं टाकून तिच्याकडे बघत राहिले.

भोपाळहून परत आल्यावर मी पहिलं काम केलं ते म्हणजे पुढच्या मार्चातल्या जोडपुनवेसाठी रजेचा अर्ज टाकला, एक शनिवार आणि एक सोमवार. सात महिने आधी आलेला अर्ज आमच्या साहेबांनी जन्मात पाहिला नव्हता. त्यांनी विचारलं, मार्चमध्ये असं काय आहे? मी म्हटलं, सण आहे. होळी तर पुढे आहे, हा कोणता सण?

"सर, हम मराठी लोगों में होता है," मी म्हटलं.

"हाँ, आप लोगों का कैलेंडर अलग ही चलता है," ते म्हणाले, आणि त्यांनी सही केली.